चार लोक

(मंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



आजच्या संमेलनात मी आपणांपुढे दोन शब्द बोलावे अशी आज्ञा चिटणीसांनी मला केली, तेव्हा विषयही त्यांनीच सुचविला होता. ‘ज्ञातीची प्रगती’ हा तो विषय. या विषयावर या व्यासपीठावरून मी आजवर तीन वेळा बोललो आहे, आणि आपण तिन्ही वेळा ते सहनशीलतेने ऐकून घेतले आहे. म्हणून यंदा चिटणीसांची क्षमा मागून मी केवळ एका घराची हकीकत सांगावयाचे ठरविले आहे. ते घर आपल्याच मंडळींपैकी आहे. त्या घरातील दोघांची संमती घेऊनच मी बोलत आहे. त्यांची नावे मी सांगणार नाही. ज्यांच्या ध्यानात येतील त्यांनी ती आपल्या मनातच ठेवावीत, एवढी विनंती आहे.

मी त्यांना नाना आणि माई म्हणतो. नाना सांगलीस एका शाळेत गणित शिकवीत असत व मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले. मुलगा परदेशी, मुलगी बंगळूरला, आणि घरी ही दोघेच. पहाटे उठून कृष्णेच्या घाटापर्यंत फिरून यावे, देवपूजा आटोपावी, मग एकच वर्तमानपत्र दोघांनी वाटून घ्यावे. पहिली पाने नानांची आणि शब्दकोडे माईंचे. संध्याकाळी गणपतीचे दर्शन, रात्री मुलीचा फोन, आणि दहाच्या आत दिवा मालविलेला. कोणाचे देणे नाही, कोणाशी वैर नाही. अशा घरात काही विपरीत घडेल असे कोणास स्वप्नातही वाटले नसते.

गेल्या वर्षी पावसाळ्यातील एका मंगळवारी सकाळी दहाच्या सुमारास नानांचा मोबाईल वाजला. पलीकडचा मनुष्य शुद्ध हिंदीत व अदबीने बोलत होता. नानांच्या आधार क्रमांकावर मुंबईत एक सिमकार्ड घेतले गेले आहे, त्या सिमकार्डावरून गुन्हे झाले आहेत, आणि याच नावाच्या एका बँकखात्यातून काळा पैसा फिरविला गेला आहे, असे त्याने सांगितले. मग ‘वरिष्ठ अधिकाऱ्यां’शी व्हिडिओवर गाठ घालून देण्यात आली. पडद्यावर गणवेशातील एक गृहस्थ, मागे भिंतीवर राजमुद्रा, मेजावर फायली. त्यांनी नानांच्या नावाचे अटकेचे वॉरंट दाखविले. त्यावर शिक्का होता, सही होती. ते म्हणाले, “आपण वृद्ध आहात, म्हणून आपणांस तुरुंगात न नेता घरातच डिजिटल अटकेत ठेवीत आहोत. मोबाईल बंद करावयाचा नाही. दार उघडावयाचे नाही. ही गोष्ट राष्ट्रीय सुरक्षेची आहे. मुलांना सांगाल तर मुलेही गुन्ह्यात गोवली जातील.”

बंधुभगिनींनो, त्या क्षणापासून चार दिवस ते घर म्हणजे कारागृह झाले. माई स्वयंपाक करीत तेव्हा मोबाईल मिसळणाच्या डब्याला टेकवून उभा केलेला असे. नाना स्नानास जाण्यापूर्वी त्या पडद्याची परवानगी मागत. पस्तीस वर्षे ज्या मनुष्याने वर्गात पाऊल ठेवताच साठ मुले उठून उभी राहत, तो मनुष्य आपल्या घरात हात जोडून बसला होता. कामाला येणाऱ्या बाईस माईंनी दाराच्या फटीतूनच परत पाठविले. बुधवारी मी स्वतः त्यांच्या घरच्या जुन्या दूरध्वनीवर फोन केला. निमित्त मंडळाच्या वर्गणीचे होते. नाना एवढेच म्हणाले, “सर्व ठीक आहे, मागाहून बोलू,” आणि त्यांनी फोन ठेवला. समोर तो ‘अधिकारी’ ऐकत होता हे मला काय ठाऊक? मला वाटले, नाना यंदा वर्गणी टाळीत आहेत. खोटे कशाला सांगू, मला थोडा रागही आला. त्या रागाची लाज मला आजही वाटते.

गुरुवारी नाना बँकेत गेले. खिशात मोबाईल चालूच होता. ‘आपल्या पैशाची रिझर्व्ह बँकेकडून तपासणी होईल, निर्दोष ठरलात की तीन दिवसांत परत मिळेल,’ असे त्यांना सांगितलेले होते; आणि बँकेत कोणी विचारल्यास ‘मुलीच्या घरासाठी’ म्हणावे, हेही पढविलेले होते. मुदतठेवी मोडल्या गेल्या. बँकेतील मुलीने विचारले, “सर, एवढी रक्कम एकदम?” नानांनी पढविलेले उत्तर दिले. हा त्यांचा पूर्वीचा विद्यार्थिवर्ग. त्या मुलीपाशी ते आयुष्यात प्रथमच खोटे बोलले. अकरा लाख रुपये गेले.

शुक्रवारी जे घडले त्यात कोणा वीरपुरुषाचा पराक्रम नाही. दाराबाहेर तीन दिवस रांगोळी पडली नव्हती, एवढेच कामाच्या बाईने पाहिले आणि ती शेजारच्या वहिनींना म्हणाली, “माईंचं काहीतरी बिनसलंय.” वहिनी आमटीची वाटी घेऊन आल्या आणि कडी वाजवीत उभ्या राहिल्या. मोबाईलमधून दटावणी झाली, “दार उघडायचे नाही.” माई उठल्या. त्या नंतर मला म्हणाल्या, “दाराशी वाटी घेऊन आलेल्या बाईला मी कधी परत पाठविलेले नाही. अटक झाली तर होऊ दे, असे मनात आले.” दार उघडले. आत येताच वहिनींनी विचारले, “हे कोण बोलतंय?” त्या एका प्रश्नासरशी पडदा काळा झाला. चार दिवस चाललेली सरकारी चौकशी शेजारणीच्या एका साध्या प्रश्नापुढे टिकली नाही.

त्याच संध्याकाळी १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदविली गेली. त्या वेळपर्यंत पुढच्या खात्यात जी थोडी रक्कम शिल्लक होती, ती गोठविता आली. बाकीची रक्कम हातोहात पुढे गेली होती.

मी पेशाने वकील. आपल्याकडे ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आहे, आणि आम्हा वकिलांना ती ऐकून घेण्याची सवय आहे. परंतु या म्हणीचा एक परिणाम असा झाला आहे की, सज्जन मनुष्यास कायदा म्हणजे काय हेच ठाऊक नसते, आणि म्हणून कायद्याचे नाव घेणाऱ्या कोणालाही तो भितो. तेव्हा कायदा काय सांगतो ते थोडक्यात सांगतो.

‘डिजिटल अटक’ नावाची कोणतीही गोष्ट भारताच्या कायद्यात नाही. १ जुलै २०२४ पासून आपल्याकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या अन्वये अटक करणाऱ्या पोलीस अधिकाऱ्याच्या अंगावर त्याचे नाव स्पष्ट दिसले पाहिजे. अटकेचा लेखी मेमो झाला पाहिजे, आणि त्यावर घरातील मनुष्याची किंवा मोहल्ल्यातील एखाद्या प्रतिष्ठित व्यक्तीची साक्षीदार म्हणून सही पाहिजे. अटकेची खबर नातलगास अथवा मित्रास दिली पाहिजे. आपल्या संविधानाचा अनुच्छेद २२ असे सांगतो की, अटकेची कारणे सांगावीत, वकिलाचा सल्ला घेऊ द्यावा, आणि चोवीस तासांच्या आत दंडाधिकाऱ्यापुढे उभे करावे. हे नियम सुखासुखी आलेले नाहीत. कोठडीत माणसांचे हाल होत, ते थांबावेत म्हणून डी. के. बसू यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९६ मध्ये यांपैकी अनेक दंडक घालून दिले, आणि पुढे त्यांस कायद्यात स्थान मिळाले.

आता या नियमांमागील तत्त्व पाहा. खरी अटक साक्षीदार मागते. खरा कायदा म्हणतो, घरच्यांना बोलवा, शेजाऱ्यांना बोलवा, वकिलास विचारा. आणि तो पडद्यावरचा मनुष्य काय म्हणतो? कोणास सांगू नका. या एका वाक्यावरून दोहोंतील भेद ओळखता येतो. गणवेश शिवून घेता येतो, राजमुद्रा छापता येते, न्यायाधीशाची सहीदेखील बनावट करता येते. परंतु साक्षीदारापुढे उभे राहणे मात्र लबाडास कधीही परवडत नाही. तसेच पैशाचे. रिझर्व्ह बँक कोणाही नागरिकाचा पैसा ‘तपासणीसाठी’ मागवीत नाही. सामान्य माणसाची खाती तिच्याकडे असतच नाहीत.

ही हकीकत एका नानांची असती, तर मी आपला वेळ घेतला नसता. पंतप्रधानांना २७ ऑक्टोबर २०२४ रोजी ‘मन की बात’ या आकाशवाणीवरील कार्यक्रमात या फसवणुकीविषयी देशास सावध करावे लागले. त्यानंतरही ती थांबली नाही. दोन घरांची हकीकत मी आपणांपुढे ठेवतो. दोन्ही वृद्ध दांपत्ये, दोघांवर आलेला प्रसंग एकाच जातीचा.

पहिले घर बेळगाव जिल्ह्यातील. ऐंशीच्या घरातील ते दांपत्य एका खेड्यात शांतपणे राहत होते. त्यांच्याकडून पन्नास लाखांहून अधिक रक्कम उकळली गेली, तरी मागणी थांबेना. मार्च २०२५ मध्ये त्या दोघांनी जीवन संपविले. दुसरे घर हरियाणातील अंबाल्याचे. तेथील दांपत्यास सर्वोच्च न्यायालयाचे बनावट आदेश दाखवून एक कोटीहून अधिक रुपयांस लुबाडले. परंतु त्या घरातील वृद्ध महिलेने मौन धरले नाही. तिने थेट देशाच्या सरन्यायाधीशांस पत्र लिहिले. त्या पत्राची दखल घेऊन ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून प्रकरण हाती घेतले, आणि डिसेंबर २०२५ मध्ये अशा देशभरातील प्रकरणांचा तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे, म्हणजे सी.बी.आय.कडे सोपविला. एका वृद्ध स्त्रीने लाज बाजूस ठेवून लिहिलेल्या पत्राने केवढे काम केले!

पहिल्या घरातील माणसे दुबळी होती आणि दुसऱ्या घरातील धीराची, असा निवाडा करण्याचा अधिकार मला नाही, आपणांसही नाही. माझा प्रश्न निराळाच आहे. मनुष्य बोलावयास का धजत नाही? नानांच्या बाबतीत मला त्याचे उत्तर मिळाले, आणि ते आपणां सर्वांविषयी आहे.

ती घटना घडल्यानंतर नानांनी फिरावयास जाणे सोडले. महिनाभर त्यांनी मुलासही कळविले नाही. मी भेटावयास गेलो तेव्हा बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “जन्मभर मुलांना सांगत आलो, उत्तर आले की ताळा करून पाहा. मी स्वतः मात्र ताळा केला नाही.” मी म्हणालो, “नाना, मग त्या चार दिवसांत मला का नाही विचारलेत? मी वकील, फोनही केला होता.” त्यावर त्यांनी जे उत्तर दिले ते मी विसरू शकत नाही. ते म्हणाले, “तुला सांगितले असते तर मंडळात कळले असते. मुख्याध्यापकाच्या घरी पोलीस आले, असे म्हणाले असते. चार लोक काय म्हणतील?”

बंधुभगिनींनो, हे चार लोक कोण? ते आपणच आहोत. नाना त्या पडद्यावरच्या तोतयास जितके भ्याले, त्याहून अधिक ते आपणांस भ्याले. त्या लबाडाजवळ ना पोलीस होते, ना तुरुंग. त्याने नानांच्या दारावर पहारा बसविला तो आपल्या नावाने. ‘झाकली मूठ सव्वा लाखाची’ असे आपण लहानपणापासून शिकतो. नानांना ती झाकली मूठ अकरा लाखांस पडली. आणि ज्यांच्या बोलण्याची त्यांना धास्ती वाटली, त्याच चार लोकांपैकी एक बाई आमटीची वाटी घेऊन दाराशी आली, तेव्हा त्यांची सुटका झाली.

आपल्या मंडळाने पुष्कळ केले आहे. विद्यार्थ्यांना साहाय्य दिले, वधूवरांची नोंदणी चालविली, गुणवंतांचे सत्कार केले. तथापि एक गोष्ट मान्य केली पाहिजे. या व्यासपीठावर ज्याने मिळविले त्यास जागा आहे. ज्याने गमाविले त्यास नाही. आपल्या अंकात मुलाच्या परदेशगमनाचे छायाचित्र छापले जाते. त्याच मुलाचे आईबाप घरी कोणाशी बोलतात, हे विचारण्याची पद्धत आपल्याकडे नाही. कोणी फसला असे कळले की आपल्या तोंडून पहिले वाक्य निघते ते, “इतके शिकलेले असून?” हे वाक्य पुढच्या दहा घरांची तोंडे बंद करते. शिक्षणाचा आणि या फसवणुकीचा फारसा संबंध नाही. डॉक्टर फसले आहेत, प्राध्यापक फसले आहेत, मोठे अधिकारी फसले आहेत. किंबहुना ज्याने आयुष्यभर कायदा पाळला, त्यासच कायद्याच्या नावाचा धाक अधिक वाटतो.

म्हणून मंडळापुढे मी तीन सूचना नम्रपणे ठेवतो.

पहिली अशी की, आपल्या प्रत्येक विभागातील तरुण सभासदाने दोन वृद्ध घरे आपली मानावीत आणि आठवड्यातून एकदा तेथे जावे, निदान फोन करावा. तो फोन वर्गणीसाठी नसावा. समोरचा ‘सर्व ठीक आहे’ म्हणाला तरी थोडा वेळ बोलत राहावे. ते तसे बोललो असतो तर कदाचित अकरा लाख वाचले असते, हे मी स्वतःस सांगत असतो.

दुसरी सूचना घरोघरच्या वडीलधाऱ्यांस आहे. कोणी फोनवर भीती घालून ‘कोणास सांगू नका’ म्हणाला, की त्याच क्षणी फोन बंद करावा आणि दोन माणसांना सांगावे. हाच ताळा. पैसे गेले असतील तर क्षणाचाही विलंब न लावता १९३० वर कळवावे. जितक्या लवकर कळवाल तितकी रक्कम वाटेत अडविली जाण्याची आशा अधिक. एकटेपणा वाटला, कशाची माहिती हवी असली, तर ज्येष्ठांसाठी १४५६७ हा क्रमांक आहे. आणि मन अगदीच खचले, जगणे नकोसे वाटले, तर १४४१६ या टेली-मानसच्या क्रमांकावर बोलावे; पण त्याआधी आमच्यापैकी कोणाला तरी हाक मारावी. पैसा ही गेली तर पुन्हा न येणारी गोष्ट असेलही, परंतु माणसाच्या मोलाची ती नव्हे.

तिसरी सूचना तरुणांस, आणि ती थोडी कडक आहे. नानांचे पैसे आकाशात गेले नाहीत. ते कोणाच्या तरी बँकखात्यात गेले. चार-दोन हजार रुपयांच्या लोभाने आपले खाते, आपले सिमकार्ड परक्यास वापरावयास देणारी मुले खेड्यापाड्यांतून आहेत. ‘मी काय केले, नुसते खाते दिले,’ असे ती म्हणतात. कायदा तसे मानीत नाही, आणि सदसद्विवेकबुद्धीनेही मानू नये. तसेच परदेशी भरपूर पगाराची संगणकावरील नोकरी देतो म्हणून कोणी कंबोडिया, म्यानमार अथवा लाओसला नेऊ लागला, तर दहा ठिकाणी चौकशी करावी. तिकडे नेऊन डांबून ठेवलेल्या, आणि मारहाण करून याच धंद्यास जुंपलेल्या भारतीय तरुणांची सुटका आपल्या सरकारला करावी लागली आहे. म्हणजे कधी कधी पडद्याच्या दोन्ही बाजूंस कैदीच बसलेले असतात.

शेवटी नाना-माईंविषयी. रक्कम सर्व परत आलेली नाही. खर्चाची ओढाताण आहे. माईंनी आपल्या दोन बांगड्या मोडल्या, हे मला वहिनींकडून कळले. परंतु गेल्या महिन्यात नानांनी माझ्याकडे एक गोष्ट मागितली. ते म्हणाले, “संमेलनात माझी हकीकत सांग. मी स्वतः उभा राहून सांगावी एवढे धैर्य अजून नाही. पण चार लोकांना कळू दे.” हे त्यांनी त्याच चार शब्दांत म्हटले, आणि त्या वेळी त्यांच्या आवाजात भय नव्हते.

ते दोघे आज या सभागृहात येणार होते. आले आहेत की नाहीत हे मी सांगणार नाही. आले असतील तर मध्यंतरात चहा घेताना कोणी त्यांस प्रश्न विचारू नयेत, सांत्वनही करू नये. त्यांच्या शेजारी जाऊन बसावे आणि नेहमीसारखे बोलावे. चार लोकांनी एवढे केले तरी पुष्कळ झाले.